बिरसा मुंडा : दगडाचा पुरावा आणि कागदाचा न्याय

जमीन कोणाची, या प्रश्नाला आधुनिक राज्ययंत्रणेपाशी एकच उत्तर असते : ज्याच्या नावाचा कागद सरकारी दप्तरात असेल, त्याची. छोटा नागपूरच्या पठारावर शतकानुशतके राहत आलेल्या मुंडा जमातीपाशी या प्रश्नाचे निराळे उत्तर होते. ज्याच्या पूर्वजांनी जंगल तोडून गाव वसविले आणि ज्याच्या पूर्वजांच्या अस्थी त्या गावच्या दगडांखाली विसावल्या आहेत, त्याची ती जमीन. या दोन उत्तरांमधला संघर्ष एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस विकोपाला गेला, तेव्हा त्याच्या अग्रभागी पंचविशीही न गाठलेला एक तरुण उभा होता. बिरसा मुंडा यांचा जन्म १५ नोव्हेंबर १८७५ चा आणि मृत्यू रांचीच्या तुरुंगात ९ जून १९०० रोजी झाला. एवढ्या अल्प आयुष्यातील जेमतेम पाच वर्षे ते लोकांसमोर होते. त्या पाच वर्षांनी हिंदुस्थानातील जमीनविषयक कायद्याच्या इतिहासावर जी खूण उमटविली, ती अद्याप पुसली गेलेली नाही.

बिरसांच्या वाट्याला आज सन्मानाची वाण नाही. संसदेच्या आवारात त्यांचा पुतळा आहे, रांचीच्या विमानतळाला त्यांचे नाव आहे. झारखंड राज्याची स्थापना २००० साली त्यांच्या जन्मदिनी करण्यात आली आणि २०२१ पासून तोच दिवस जनजातीय गौरव दिवस म्हणून देशभर साजरा होतो. परंतु ज्या प्रश्नासाठी त्यांनी प्राण वेचले, त्याचे उत्तर देण्याची तयारी या सन्मानातून दिसते काय, याचा विचार त्यांच्या चरित्राच्या आधारेच करणे उचित ठरेल.

सरना आणि ससन

मुंडांच्या ग्रामव्यवस्थेला खुंटकट्टी असे नाव आहे. एखाद्या कुळातील माणसे अरण्यात शिरत, झाडे तोडून शेते तयार करीत आणि गाव वसवीत. त्या मूळ कुळाचे वंशज ते खुंटकट्टीदार. जमीन कसणारी घरे वेगवेगळी असली, तरी गावाच्या सीमेतील शेत, पडीक रान व जंगल यांवर मालकी सबंध कुळाची असे. राजाला किंवा सरदाराला जे काही द्यावयाचे ते मानाचे देणे होते; जमिनीचा खंड नव्हता. जमीन राजाने दिलेली नव्हती, त्यामुळे ती काढून घेण्याचा अधिकारही राजाला पोहोचत नव्हता.

जंगल तोडताना मुंडा त्याचा एक तुकडा मात्र जाणीवपूर्वक राखून ठेवीत. साल वृक्षांच्या या राईला सरना म्हणतात. गावचे रक्षण करणाऱ्या देवतांचे ते निवासस्थान. वसंतात साल फुलला की सरहुलचा सण येतो आणि पाहन म्हणजे गावचा पुजारी त्या राईत पूजा करतो. तेथील झाडावर कुऱ्हाड चालवावयाची नाही, असा दंडक. आपल्या सह्याद्रीतील देवराया ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना ही कल्पना परकी वाटणार नाही. सरनेइतकेच महत्त्व ससनाला. मृतांच्या अस्थी कुळाच्या ससनात नेऊन मोठ्या शिळेखाली ठेवल्या जातात. या शिळा म्हणजे ससनदिरी. त्या कुळाबाहेरच्या माणसाला तेथे स्थान नसते. साहजिकच या शिळा म्हणजे कुळाची वंशावळही होती आणि गावाचे मालकीपत्रही होते. १८८० च्या सुमारास काही मुंडांनी आपल्या हक्काचा पुरावा म्हणून अशा शिळा थेट कलकत्त्यापर्यंत वाहून नेल्या, असे सांगितले जाते. तेथील कचेऱ्यांपाशी दगड वाचण्याची सोय नव्हती.

कागदाचे आक्रमण

छोटा नागपूरच्या नागवंशी राजांनी आपल्या मर्जीतील बाहेरच्या लोकांना गावे इनाम देण्यास आरंभ केला, तेव्हाच या व्यवस्थेला पहिला तडा गेला होता. इंग्रजी अंमलात त्या इनामदारांच्या आणि ठेकेदारांच्या हाती न्यायालय व पोलीस ही दोन साधने आली. गावचा मूळ मालक कागदोपत्री कूळ ठरला. त्याच्याकडून खंड घेतला जाऊ लागला व त्याला वेठबिगारीस जुंपण्यात आले. सावकाराचे व्याज फेडता फेडता शेत हातचे जाऊ लागले. बाहेरून आलेल्या या शोषकांना मुंडांनी दिकू हे नाव दिले. १८३१-३२ मधील कोलांचा उठाव हा या अन्यायाविरुद्धचा मोठा स्फोट होता. तो मोडून काढण्यात आला. पुढे १८६९ मध्ये सरकारने एक कायदा करून मूळ रहिवाशांच्या काही जमिनींची नोंद करविली खरी. पण गावाची सामुदायिक मालकी आणि जंगलावरील हक्क त्या नोंदीत पुरतेपणी बसले नाहीत.

त्यानंतरची दोन-तीन दशके मुंडांचे पुढारी, ज्यांना सरदार म्हणत, अर्ज-विनंत्यांच्या मार्गाने झगडत राहिले. वकिलांच्या फीसाठी वर्गण्या गोळा झाल्या, वरिष्ठांकडे निवेदनांमागून निवेदने गेली. ख्रिस्ती मिशनरी जमिनीच्या दाव्यांत साह्य करतील, या आशेने अनेक कुटुंबांनी धर्मांतरही केले. ती आशाही विफल झाली. मुंडांनी कायद्याचा मार्ग चोखाळला नाही, असा आरोप पुढे अनेकदा झाला. वस्तुस्थिती अशी की, एक अख्खी पिढी त्यांनी त्या मार्गावर घालविली होती.

घडण

बिरसांचे घराणे उलिहातूचे. वडील सुगना आणि आई करमी. खुंटकट्टीदारांच्या वंशातील या कुटुंबाला पोटासाठी गाव सोडावे लागले आणि मजुरी व वाट्याची शेती करीत ते चलकदला येऊन राहिले. मालकाच्या वंशजाने परक्या गावी मजूर व्हावे, ही त्या काळातील सार्वत्रिक कहाणी बिरसांनी घरातच अनुभवली. बालपणी त्यांनी गुरे राखली. बासरी व एकतारी तुईला ही त्यांची आवडती वाद्ये. काही काळ मामाकडे राहून सलगा येथील जयपाल नाग यांच्या शाळेत त्यांनी अक्षरओळख करून घेतली. पुढे बुर्जू व चाईबासा येथील जर्मन मिशनच्या शाळांत त्यांचे शिक्षण झाले. बाप्तिस्म्यानंतर त्यांचे नाव दाऊद असे ठेवण्यात आले होते.

चाईबासा येथील वास्तव्यात मिशन आणि सरदार यांच्यातील दुरावा वाढत गेला. जमिनीसाठी झगडणाऱ्या सरदारांची मिशनऱ्यांकडून होणारी निर्भर्त्सना त्या विद्यार्थ्याला सोसवली नाही. १८९० मध्ये त्यांनी चाईबासा सोडले आणि त्यांच्या कुटुंबाने मिशनशी संबंध तोडले. त्यानंतर बंदगाव येथे आनंद पांडे या वैष्णव गृहस्थाच्या सहवासात ते राहिले. जानवे, तुळस, मांसवर्ज्य आहार या गोष्टींचा त्यांच्यावर प्रभाव पडला तो येथे. अशा रीतीने विशीच्या आत त्यांनी तीन धर्मपरंपरांचा निकटचा परिचय करून घेतला होता. त्यांतून त्यांनी जे घडविले ते मात्र सर्वस्वी त्यांचे स्वतःचे होते.

याच सुमारास जंगलाचा प्रश्न तीव्र झाला. १८७८ च्या वनकायद्याचा आधार घेऊन गावांलगतची पडीक राने सरकारी नियंत्रणाखाली येऊ लागली होती. जळण, चराई, मोह, लाख या दैनंदिन गरजांच्या वस्तूंना परवाने आणि कर लागले. १८९४ मध्ये रयतेच्या या गाऱ्हाण्यांसाठी चाईबासाला गेलेल्या लोकांत बिरसा होते. म्हणजे त्यांच्या सार्वजनिक जीवनाचा आरंभही अर्जानेच झाला.

धरती आबा

१८९५ साली चलकदला एक नवा उपदेशक उदयास आल्याची वार्ता पसरली. बिरसांच्या हाताला गुण आहे, त्यांच्या दर्शनाने रोग बरे होतात, असे लोक म्हणू लागले. दूरदूरच्या गावांतून माणसे येऊ लागली. बिरसांचा उपदेश साधा होता. देव एकच, तो म्हणजे सिंगबोंगा. असंख्य भुताखेतांना बळी देऊ नका, मद्य सोडा, स्वच्छ राहा, चेटूक आणि देवऋषी यांच्या मागे लागू नका. अनुयायी त्यांना धरती आबा, म्हणजे धरतीचा पिता, मानू लागले.

येथे एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. बिरसा हे जुन्या रूढींचे आंधळे रक्षक नव्हते. स्वजनांच्या श्रद्धेवर त्यांनी कठोर प्रहार केले आणि पुजाऱ्यांचा रोषही ओढवून घेतला. पवित्र भूमीचा त्यांचा आग्रह हा अंधश्रद्धेचा हट्ट होता, असे म्हणणाऱ्यांना त्यांच्या चरित्रात आधार सापडत नाही. पूजाविधी बदलता येतात, हे त्यांनी स्वतः करून दाखविले. त्यांच्या दृष्टीने न बदलणारी गोष्ट होती ती माणसाचे भूमीशी असलेले नाते. ती भूमी पूर्वजांनी दिली आणि वंशजांसाठी राखावयाची आहे. तेव्हा तिचा व्यवहार करण्याचा अधिकार ना राजाला, ना राणीला, ना सावकाराला.

हा उपदेश धर्मापुरता राहणे शक्यच नव्हते. राणीचे राज्य संपून मुंडांचे राज्य येणार, खंड देऊ नका, ही भाषा चलकदच्या मेळाव्यांतून ऐकू येऊ लागताच सरकारने २४ ऑगस्ट १८९५ च्या पहाटेपूर्वी झोपेत असलेल्या बिरसांना पकडले. दोन वर्षांची सक्तमजुरीची शिक्षा देऊन त्यांना हजारीबागच्या तुरुंगात ठेवण्यात आले. १८९७ च्या अखेरीस ते सुटले, तेव्हा मुलखात दुष्काळाचा फेरा होता आणि पाठोपाठ रोगराईही होती. बिरसांनी व त्यांच्या अनुयायांनी आजाऱ्यांची सेवा केली. लोकांचा ओढा ओसरण्याऐवजी वाढला.

पूर्वजांच्या स्थळांची यात्रा

१८९८ च्या प्रारंभी बिरसांनी आरंभिलेला उपक्रम त्यांच्या साऱ्या विचाराचे मर्म सांगणारा आहे. अनुयायांसह ते रांचीजवळच्या चुटियाच्या देवळात गेले आणि तेथून तुळस आणली. पुढे जगन्नाथपूरच्या देवळातून चंदन आणले, तर नवरतनच्या जुन्या गढीतून माती आणि पाणी आणले. ही सारी स्थळे आपल्या पूर्वजांची, अशी त्यांची धारणा होती. इतिहासाच्या काटेकोर दृष्टीने पाहिल्यास जगन्नाथपूरचे मंदिर नागवंशी राजाने १६९१ मध्ये बांधले. परंतु राजाचे राज्य ज्या भूमीवर उभे राहिले ती मुंडांनी साफ केली होती, ही त्यांची स्मृती त्याहून जुनी होती. चुटियाच्या देवळात मूर्तींची मोडतोड झाली आणि त्या प्रकरणी काहींची धरपकड झाली, हेही नमूद केले पाहिजे. या यात्रेमागील हेतू मात्र स्पष्ट होता. न्यायालयात जो दावा चालू शकत नव्हता, तो माती, पाणी आणि तुळस यांच्या साक्षीने मांडण्यात येत होता.

यानंतरची दोन वर्षे डोंबारी आणि आसपासच्या टेकड्यांवर रात्रीचे मेळावे होत राहिले. अर्जाचा मार्ग संपला आहे, असा निर्णय तेथे झाला. २४ डिसेंबर १८९९ रोजी, नाताळाच्या आदल्या रात्री, उलगुलान म्हणजे महान उठाव सुरू झाला. रांची आणि सिंहभूम जिल्ह्यांत अनेक ठिकाणी बाण सुटले, आगी लागल्या. मिशनची ठाणी आणि त्यांच्याशी निष्ठावंत राहिलेली माणसे यांच्यावरही हल्ले झाले. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात पोलीस शिपाई मारले गेले आणि ७ जानेवारी १९०० रोजी खुंटीच्या ठाण्यावर जमाव चालून गेला. या हिंसेचे समर्थन करण्याचे कारण नाही. तिच्या आधीची तीस वर्षे विसरण्याचेही कारण नाही.

९ जानेवारीला सैल रकब टेकडीवर जमलेल्या मुंडांवर सरकारी सैन्याने गोळीबार केला. धनुष्यबाण आणि कुऱ्हाडी यांचा बंदुकांपुढे निभाव लागला नाही. मृतांत स्त्रिया होत्या. सरकारी अहवालातील मृतांचा आकडा अगदी लहान आहे आणि लोकांच्या स्मृतीतील आकडा शेकड्यांत मोजला जातो. बिरसा निसटले. त्यांना पकडून देणाऱ्यास ५०० रुपयांचे इनाम लावण्यात आले. दुष्काळाच्या दिवसांत ती रक्कम काही गावकऱ्यांना मोहात पाडण्यास पुरेशी होती, आणि ३ फेब्रुवारी १९०० रोजी सिंहभूमच्या जंगलात ते पकडले गेले. खटला पूर्ण होण्यापूर्वीच ९ जून रोजी तुरुंगात त्यांचे निधन झाले. कारण पटकी असल्याचे सरकारने जाहीर केले. त्यांच्या अनुयायांनी ते कधीच मानले नाही. पुढे सुमारे ३५० मुंडांवर खटले चालले, तिघांना फाशी झाली आणि ४४ जणांना जन्मठेपेवर हद्दपार करण्यात आले.

बिरसांच्या देहाचा अंत्यविधी अधिकाऱ्यांनी रांचीतील कोकर येथे डिस्टिलरीजवळ घाईने उरकला. कुळाच्या ससनासाठी ज्याने सर्वस्व पणाला लावले, त्याची समाधी त्या ससनापासून दूर, शहरात आहे.

पराभवानंतरचा कायदा

उठाव चिरडला गेला, पण प्रश्न चिरडता येत नाही, हे राज्यकर्त्यांना उमगले. १९०२ ते १९१० या काळात जमिनीची सविस्तर पाहणी झाली. १९०५ मध्ये खुंटी येथे उपविभागाचे कार्यालय आले. १९०८ मध्ये छोटा नागपूर कूळकायदा संमत झाला. मुंडांच्या खुंटकट्टी हक्कांना त्यात मान्यता मिळाली, वेठबिगारीस बंदी आली आणि आदिवासींची जमीन बाहेरच्यांच्या हाती जाण्यास कडक अटकाव झाला. या कायद्यामागील अभ्यासात जॉन हॉफमन या जेझुइट पाद्रींचा मोठा वाटा होता. उठावाच्या पहिल्याच रात्री सरवदा येथील मिशनवर झालेल्या हल्ल्यात बाणापासून थोडक्यात बचावलेले ते हेच. ज्यांच्यावर बाण सुटला त्यांनीच बाण सोडणाऱ्यांच्या जमिनीची व्यवस्था सरकारला समजावून सांगितली, ही गोष्ट उभय पक्षांना भूषणावह आहे. कायदा झाला तोवर खुंटकट्टीची बहुतेक गावे मोडली होती. अखंड उरलेली थोडीच. तरीही दगडाच्या पुराव्याला कागदाने प्रथमच स्थान दिले होते.

स्वातंत्र्यानंतर दिकूची जागा विकासाने घेतली, असे म्हणणे कदाचित अन्यायाचे होईल. धरणे, पोलाद आणि वीज यांची देशाला गरज होती आणि आहे. पण ज्यांच्या जमिनीवर हे उभे राहावयाचे, त्यांना विचारण्याची पद्धत मात्र बदलली नाही. रांचीत १९५८ मध्ये अवजड यंत्रांचा सरकारी कारखाना स्थापन झाला, तो जगन्नाथपूरच्या परिसरात, आदिवासी गावांच्या जमिनी संपादून. बिरसांनी चंदन आणले ते याच देवळातून.

त्यानंतर कोयल आणि कारो या नद्यांवर ७१० मेगावॉटचा जलविद्युत प्रकल्प आखण्यात आला. बिरसांच्याच मुलखातील गावे त्यात बुडणार होती. १९७० च्या दशकात लोक संघटित झाले. शेताची भरपाई देता येईल, घर दुसरीकडे बांधता येईल; पण सरना कोठे हलविणार आणि ससनाखालच्या पूर्वजांचे पुनर्वसन कसे करणार, हा त्यांचा सवाल होता. या सवालाला कोणत्याही खात्यापाशी उत्तर नव्हते. २ फेब्रुवारी २००१ रोजी तपकरा येथे झालेल्या पोलीस गोळीबारात आठजण ठार झाले. नवे राज्य बिरसांच्या जन्मदिनी स्थापन होऊन तीन महिनेही झाले नव्हते. पुढे २००३ मध्ये हा प्रकल्प गुंडाळण्यात आला. २०१६ साली झारखंड विधानसभेने १९०८ च्या कायद्यात शेतीबाह्य वापर सुलभ करणाऱ्या दुरुस्त्या संमत केल्या. त्यांच्याविरुद्ध प्रचंड असंतोष उसळला, राज्यपालांनी २०१७ मध्ये विधेयक परत पाठविले आणि सरकारला माघार घ्यावी लागली.

हा प्रश्न मुंडांपुरता नाही. ओडिशातील नियमगिरी पर्वत डोंगरिया कोंधांचे दैवत आहे. तेथील बॉक्साइटच्या खाणीबाबत सर्वोच्च न्यायालयाने १८ एप्रिल २०१३ रोजी ग्रामसभांचा कौल घेण्याचा आदेश दिला, आणि बाराही ग्रामसभांनी नकार दिला. महाराष्ट्रातही गडचिरोली जिल्ह्यातील सुरजागडच्या डोंगरावर माडिया गोंडांचा ठाकूरदेव आहे आणि त्याच डोंगरात लोहखनिज आहे. तेथे खाणकाम चालू आहे.

भरपाईची कल्पना एका गृहीतकावर उभी असते. प्रत्येक वस्तूला किंमत असते आणि योग्य किंमत मिळाली की मालकाची तक्रार उरत नाही, हे ते गृहीतक. बहुसंख्य व्यवहारांत ते खरेही असते. परंतु आईवडिलांच्या अस्थी जेथे आहेत त्या जागेचा बाजारभाव काढणे, हे नोकरी करून शहरात राहणाऱ्या सुशिक्षित माणसालाही मनोमन रुचणार नाही. मग तीच भावना आदिवासीने व्यक्त केली की तिला प्रगतीचा अडथळा मानावयाचे, हा दुजाभाव ठरतो. सरना आणि ससन यांना कायद्यात श्रद्धास्थान म्हणून सहानुभूती पुरेशी नाही. मालकीचा पुरावा म्हणून त्यांना वजन मिळाले पाहिजे. ग्रामसभेला विचारावयाचे असेल, तर तिचा होकार जितका ग्राह्य, तितकाच नकारही अंतिम मानला गेला पाहिजे. ज्या विचारणेत नकाराला जागा नाही, ती विचारणा नसून केवळ सूचना असते.

बिरसांच्या जयंतीला शाळांतून भाषणे होतील, कचेऱ्यांतून त्यांच्या प्रतिमेला हार घातले जातील. ते योग्यच आहे. त्याच कचेऱ्यांत दुसऱ्या दिवशी एखाद्या डोंगराच्या भूसंपादनाची फाईल पुढे येईल, तेव्हा तीत ग्रामसभेचा ठराव जोडलेला आहे की नाही आणि तो कोणी, कोठे बसून लिहिला, एवढे जरी कोणी वाचून पाहिले, तरी त्या हाराला काही अर्थ प्राप्त होईल.